दुसऱ्या रेषेला जागा नाही : ‘स्पर्शिका’ या संज्ञेची प्रस्तावना

दहावीच्या भूमितीत ‘वर्तुळ’ हे प्रकरण शिकलेल्या कोणालाही स्पर्शिका म्हणजे काय असे विचारले, तर उत्तर ठरलेले येते : वर्तुळाला एकाच बिंदूत भेटणारी रेषा. दोन बिंदूंत भेटली तर छेदिका, एकातच भेटली तर स्पर्शिका. वर्तुळापुरते हे उत्तर निर्दोष आहे. त्यावरून स्पर्शिका-त्रिज्या प्रमेय सिद्ध होते, बाहेरच्या बिंदूतून काढलेले दोन स्पर्शिकाखंड समान लांबीचे निघतात आणि परीक्षेतले सगळे प्रश्न सुटतात. पण वर्तुळ सोडून दुसऱ्या वक्राकडे वळले की हीच व्याख्या दोन्ही बाजूंनी फसते. फेकलेला चेंडू हवेत ज्या वाटेने जातो तो अन्वस्त घ्या. त्याच्या अक्षाला समांतर असलेली प्रत्येक उभी रेषा त्याला एकाच बिंदूत भेटते आणि तरीही त्यांतली एकही त्याची स्पर्शिका नसते. उलट, य = क्ष³ या वक्राच्या (१, १) या बिंदूतली स्पर्शिका पुढे वाढवत नेली तर ती दुसरीकडे जाऊन त्याच वक्राला आरपार कापते. साइन वक्राच्या माथ्यावरून काढलेली आडवी रेषा तर एकाच वेळी त्याच्या असंख्य माथ्यांना स्पर्श करते. ‘एकच बिंदू’ ही अट जिथे स्पर्शिका नाही तिथे ती असल्याचे सांगते, आणि जिथे ती आहे तिथे नाकारते.

हे पुस्तक या एका संज्ञेविषयी आहे. एका शब्दावर एवढे लिहायचे कशाला, ही शंका स्वाभाविक आहे. तिचे उत्तर पुढे येईलच. आधी पुस्तकाचे म्हणणे सांगतो. स्पर्शिकेचा खरा अर्थ भूमितीत पहिल्यापासून हजर होता, पण व्याख्येच्या जागी नव्हता. तो एका प्रमेयात होता. पुढच्या दोन हजार वर्षांत गणितज्ञांनी जे केले ते थोडक्यात असे की त्यांनी ते प्रमेय हळूहळू वर उचलून व्याख्येच्या जागी बसवले आणि जुनी व्याख्या एका खास प्रसंगापुरती मागे ठेवली. गणितातल्या संज्ञांचे अर्थ कोणी एका दिवसात ठरवत नाही. ते वापरात तपासले जातात, अडतात, दुरुस्त होतात. स्पर्शिका हे त्याचे सर्वांत स्वच्छ उदाहरण आहे, कारण तिची जवळजवळ प्रत्येक पायरी लेखी उपलब्ध आहे.

सुरुवात युक्लिडपासून करावी लागते. इसवी सनापूर्वी ३०० च्या सुमारास रचलेल्या ‘एलिमेंट्स’च्या तिसऱ्या खंडाच्या आरंभी तो सांगतो की जी रेषा वर्तुळाला भेटते, पण वाढवली असता त्याला कापत नाही, ती वर्तुळाला स्पर्श करते. इथे ‘एकच बिंदू’ असे शब्द नाहीत. भेटणे आणि न कापणे या दोन अटी आहेत. मग त्याच खंडातले सोळावे प्रमेय येते. व्यासाच्या टोकाशी काढलेली लंबरेषा वर्तुळाच्या बाहेर राहते, एवढे सिद्ध करून युक्लिड थांबत नाही. तो पुढे म्हणतो की ही रेषा आणि वर्तुळ यांच्या मधल्या जागेत दुसरी कोणतीही सरळ रेषा घालता येत नाही. स्पर्शबिंदूतून जाणारी रेषा कितीही थोडी कलती केली, तरी ती लगेच वर्तुळाच्या आत घुसते. वर्तुळ आणि स्पर्शिका यांच्यामध्ये उरणाऱ्या शिंगासारख्या कोनावरून पुढे शतकानुशतके वाद चालले. हा कोन शून्य नाही, पण कोणत्याही लघुकोनापेक्षा लहान आहे, मग तो आहे तरी काय? त्या वादात न शिरताही एक गोष्ट दिसते. व्याख्येतला ‘न कापणे’ हा गुण संपूर्ण रेषेचा आहे. रेषा दोन्हीकडे अमर्याद वाढवून पाहिल्याशिवाय तो तपासता येत नाही. प्रमेयातला ‘मध्ये दुसरी रेषा न मावणे’ हा गुण मात्र त्या बिंदूच्या अगदी लगतचा आहे. रेषा पुढे कुठे जाते, कशाला कापते, याच्याशी त्याचा संबंध नाही. साऱ्या पुस्तकाचा धागा या फरकात आहे.

ग्रीकांनी हा गुण वर्तुळाबाहेरही नेला. अपोलोनियसने ‘कॉनिक्स’च्या पहिल्या खंडात शंकुच्छेदांसाठी हेच विधान सिद्ध केले : शिरोबिंदूतून योग्य दिशेने काढलेली रेषा वक्राला स्पर्श करते आणि तिच्या व वक्राच्या मध्ये दुसरी रेषा पडत नाही. आर्किमिडीजने सर्पिलाची स्पर्शिका काढली. सर्पिलाच्या पहिल्या वेढ्याच्या टोकाशी स्पर्शिका काढली आणि केंद्रातून त्या टोकाच्या त्रिज्येला लंब टाकला, तर स्पर्शिका त्या लंबावर जेवढे अंतर तोडते ते तितक्याच त्रिज्येच्या वर्तुळाच्या परिघाइतके असते. वाकड्या परिघाची लांबी सरळ रेषेत उतरवणारा हा निष्कर्ष आजही थक्क करतो. मात्र या सगळ्यात एक मर्यादा होती. प्रत्येक वक्राची स्पर्शिका त्या त्या वक्राच्या खास गुणांवरून, स्वतंत्र चातुर्याने काढावी लागे. अन्वस्तासाठी शोधलेली युक्ती सर्पिलाला चालत नसे. अर्थ हाती होता, पण तो कोणत्याही वक्राला लावता येईल अशी रीत नव्हती.

इथे आपल्याकडच्या परंपरेचा विचार करणे भाग आहे, आणि तो तोलून करायला हवा. भास्कराचार्यांनी ११५० साली पूर्ण केलेल्या ‘सिद्धान्तशिरोमणी’त ग्रहांच्या तात्कालिक गतीची कल्पना स्पष्ट मांडली आहे. चंद्र दिवसाला सरासरी सुमारे १३ अंश सरकतो, पण त्याचा वेग सतत बदलत असतो. दिवसभराच्या सरासरी गतीवरून ग्रहणासारख्या घटनेची नेमकी वेळ काढली तर चूक होते. म्हणून त्या क्षणाची गती हवी. ती काढताना भास्कराचार्य ज्येतला अल्पसा फरक कोटिज्येच्या प्रमाणात घेतात. आजच्या भाषेत साइनचा अवकलज कोसाइन असतो, हेच ते सूत्र. चाळीसगावजवळच्या पाटण येथील शिलालेखात त्यांचे नातू चांगदेव यांनी या ग्रंथांच्या अध्ययनासाठी मठ स्थापल्याची नोंद आहे, म्हणजे महाराष्ट्रात हे गणित काही काळ रीतसर शिकवलेही जात होते. यावरून ‘कलनशास्त्र आपणच शोधले’ असे म्हणणारे आहेत आणि ‘त्यात कलन असे काहीच नाही’ असे म्हणणारेही आहेत. दोन्ही मते पुराव्यापलीकडे जातात. क्षणाची गती ही स्पर्शिकेचीच दुसरी बाजू आहे, आणि ती इथे पूर्ण जाणिवेने वापरली आहे. पण ती आकाशातल्या एका विशिष्ट गणनेसाठी वापरली आहे. वक्र, त्याला स्पर्श करणारी रेषा आणि कोणत्याही वक्राला चालणारी रीत, असा भूमितीचा प्रश्न तिथे विचारलेला नाही. जे आहे त्याचे मोल ओळखायला जे नाही ते त्यात घालण्याची गरज नाही.

सर्वसाधारण रीत सतराव्या शतकात आली, आणि ती एकाच वाटेने आली नाही. या काळात स्पर्शिकेकडे पाहण्याच्या निदान तीन पद्धती शेजारीशेजारी उभ्या होत्या. देकार्तने १६३७ च्या ‘ला जिऑमेत्री’त बीजगणिताची वाट धरली. वक्राच्या अक्षावर केंद्र ठेवून बिंदूतून जाणारे वर्तुळ काढा. साधारणपणे ते वक्राला जवळच्या दोन बिंदूंत कापेल. केंद्र असे सरकवा की ते दोन बिंदू एक होतील, म्हणजे समीकरणाला दुहेरी मूळ मिळेल. मग ती त्रिज्या अभिलंब झाली आणि तिला लंब असलेली रेषा स्पर्शिका. फर्माची वाट वेगळी होती. स्पर्शिकेवरचा शेजारचा बिंदू जणू वक्रावरच आहे असे धरून तो समीकरण मांडी, त्यातला अल्प फरक भागून काढी आणि शेवटी जे उरे त्यातून तो फरक वगळून टाकी. १६३८ मध्ये या दोघांत कडाक्याचा वाद झाला. फर्माची रीत सर्वत्र चालणार नाही, अशी खात्री असलेल्या देकार्तने क्ष³ + य³ = ३ अ क्ष य हा पानासारखा वळसा घेणारा वक्र आव्हान म्हणून पुढे केला, आणि फर्माने त्याची स्पर्शिका काढून दिली. तिसरा रोबेर्वाल. त्याने वक्राकडे चालत्या बिंदूचा माग म्हणून पाहिले : बिंदूच्या गतीचे घटक ओळखा, त्यांची बेरीज करा, जी दिशा येईल ती स्पर्शिका. सपाट रस्त्यावरून चाललेल्या बैलगाडीच्या चाकाच्या कडेवर ठोकलेला खिळा जो वक्र काढतो, त्याला चक्रज म्हणतात. त्याची स्पर्शिका नेहमी चाकाच्या सर्वांत वरच्या बिंदूतून जाते. गतीच्या वाटेने हा निष्कर्ष दोन ओळींत हाती येतो. बीजगणिताच्या वाटेने तो काढायला घाम फुटतो.

या तीन पद्धतींचे उत्तर बहुतेक ठिकाणी एकच येते, म्हणून त्यांतला फरक इतिहासाच्या पुस्तकांत पुसला जातो. पण त्या तीन वेगळ्या अर्थांवर उभ्या आहेत. देकार्तच्या लेखी स्पर्श म्हणजे दोन भेटींचे एक होणे. फर्माच्या लेखी स्पर्श म्हणजे जवळच्या जवळ वक्र आणि रेषा यांत फरक न उरणे. रोबेर्वालच्या लेखी स्पर्शिका म्हणजे वाट चालणाऱ्याची त्या क्षणीची दिशा. आपल्याकडे शेतात पाखरे हाकायला गोफण फिरवतात. दगड सुटला की तो वर्तुळात फिरत राहत नाही, सुटण्याच्या क्षणीच्या स्पर्शिकेने निघतो. देकार्तने १६४४ च्या ‘प्रिन्सिपिआ फिलॉसॉफिए’त जडत्व समजावताना हेच गोफणीचे उदाहरण घेतले, म्हणजे भूमितीत बीजगणिती अर्थ मानणारा देकार्त पदार्थविज्ञानात मात्र दिशेच्या अर्थाने स्पर्शिका वापरत होता. एकाच माणसाच्या हातून एकाच संज्ञेला दोन अर्थ मिळाले आणि दोन्ही टिकले.

पुढचा टप्पा सर्वांना ठाऊक असलेला आहे, म्हणून तो लवकर ओलांडतो. आयझॅक बॅरोने १६७० मध्ये आणि न्यूटनने आपल्या प्रवाहांच्या गणितात या पद्धती एकत्र आणल्या. लायब्निझने ऑक्टोबर १६८४ मध्ये अवकलनावरचा पहिला लेख छापला, आणि त्याच्या लांबलचक शीर्षकातच स्पर्शिकांचा उल्लेख आहे. वक्र म्हणजे अनंत बाजूंचा बहुभुज, आणि स्पर्शिका म्हणजे त्याची एक अनंतसूक्ष्म बाजू वाढवून मिळणारी रेषा, अशी त्याची कल्पना होती. रीत जबरदस्त चालली, पण अर्थ डळमळीत राहिला. १७३४ मध्ये बिशप बर्कलीने नेमके तिथेच बोट ठेवले : फरक आधी शून्य नाही म्हणून त्याने भागता, आणि नंतर शून्य आहे म्हणून टाकून देता, हे कसे? या टीकेला उत्तर द्यायला जवळजवळ नव्वद वर्षे लागली असे म्हटले तरी चालेल. कोशीने १८२१ आणि १८२३ च्या व्याख्यानग्रंथांत सीमेची कल्पना पायाला घातली आणि तेव्हापासून स्पर्शिका म्हणजे छेदिकेची सीमास्थिती, हे उत्तर रूढ झाले. आज अकरावी-बारावीत हेच शिकवतात. उत्तर बरोबर आहे. पण त्यात शिकणाऱ्याची एक जुनी अडचण दडलेली आहे. छेदिकेला दोन बिंदू लागतात. दुसरा बिंदू पहिल्यावर येऊन पडला की छेदिका उरतच नाही. मग जी उरत नाही तिची शेवटची स्थिती कोणती? सीमेची काटेकोर व्याख्या या प्रश्नाला नीट उत्तर देते, पण ती व्याख्या पचायच्या आधीच विद्यार्थ्याला सूत्र पाठ झालेले असते.

लाग्रांजने १७९७ मध्ये वेगळा मार्ग घेतला होता, आणि या पुस्तकाच्या दृष्टीने तो अधिक मोलाचा आहे. अनंतसूक्ष्म राशींचा आधार टाळून त्याने स्पर्शिकेचा ग्रीकांचा जुना अर्थ उचलला : जिच्या आणि वक्राच्या मध्ये दुसरी रेषा जाऊ शकत नाही ती स्पर्शिका. युक्लिडचे सोळावे प्रमेय अखेर व्याख्येच्या जागी येऊन बसले. या व्याख्येत किती बळ आहे ते एका साध्या हिशोबाने दिसते. य = क्ष² हा अन्वस्त आणि त्यावरचा (१, १) हा बिंदू घ्या. तिथली स्पर्शिका २ चढाची आहे. तिला प्रतिस्पर्धी म्हणून त्याच बिंदूतून २.१ चढाची रेषा काढा. क्ष = १.१ येथे वक्राची उंची १.२१ आहे, स्पर्शिका १.२० वर, म्हणजे ०.०१ ने खाली, आणि प्रतिस्पर्धी रेषा बरोबर १.२१ वर, वक्रावरच. इथे स्पर्शिका हरली. आता क्ष = १.०१ येथे या. वक्र १.०२०१, स्पर्शिका १.०२००, प्रतिस्पर्धी १.०२१०. स्पर्शिकेचे अंतर ०.०००१ आणि दुसरीचे त्याच्या नऊपट. क्ष = १.००१ येथे दुसरीचे अंतर स्पर्शिकेच्या नव्व्याण्णवपट होते. प्रतिस्पर्धी रेषेचा चढ २.००००१ घेतला तरी हेच घडते, फक्त बिंदूच्या आणखी जवळ यावे लागते. इतर कोणतीही रेषा दूरवर जिंकू शकते. पुरेसे जवळ आले की स्पर्शिकाच जिंकते. स्पर्शिकेच्या या गुणात कोणताही अनंतसूक्ष्म फरक नाही, शून्याने भागणे नाही, नाहीशी होणारी छेदिका नाही. आणि ‘पुरेसे जवळ आल्यावर दुसऱ्या कोणत्याही रेषेपेक्षा ही रेषा वक्राच्या अधिक निकट असते’ असे नेमके लिहिले की ती अट अवकलज अस्तित्वात असण्याच्या अटीशी तंतोतंत जुळते. सीमेची व्याख्या आणि युक्लिडचे प्रमेय हे एकच सत्य दोन भाषांत सांगतात.

यावर कसलेला वाचक म्हणेल की मग वाद कसला? सीमेची व्याख्या पुरेशी आहे, जुन्या अर्थाची ओझी वाहायची कशाला? याचे उत्तर जिथे अर्थ फुटतात तिथे मिळते. ज्या वक्राला टोक आहे, उदाहरणार्थ य = |क्ष|, त्याच्या टोकातून कितीतरी रेषा अशा जातात की त्या वक्राला भेटतात पण कापत नाहीत. युक्लिडच्या व्याख्येने त्या सगळ्या स्पर्शिका ठरतील. प्रमेयाच्या कसोटीने एकही नाही, कारण उजवीकडे एक रेषा जिंकते आणि डावीकडे दुसरी. य = क्ष³ च्या मूळबिंदूत क्ष-अक्ष वक्राला आरपार ओलांडतो, म्हणून युक्लिडच्या व्याख्येने तो स्पर्शिका नाही; प्रमेयाच्या कसोटीने आहे. बीजगणिताची पंचाईत आणखी निराळी. देकार्तच्या त्याच पानासारख्या वक्राकडे परत या. मूळबिंदूत तो स्वतःलाच छेदतो, त्यामुळे त्या बिंदूतून जाणाऱ्या प्रत्येक रेषेला तिथे दुहेरी मूळ मिळते. ‘दोन भेटी एक होणे’ हाच स्पर्श असेल तर तिथली प्रत्येक रेषा स्पर्शिका ठरेल. प्रत्यक्षात वक्राच्या दोन फांद्यांना दोन स्पर्शिका आहेत, क्ष-अक्ष आणि य-अक्ष, आणि त्या ओळखायला तिहेरी मूळ पाहावे लागते. फर्माला अडकवण्यासाठी निवडलेला वक्र अखेर देकार्तच्याच अर्थाची मर्यादा दाखवून गेला. बीजगणितीय भूमितीने पुढे हा प्रश्न टाळला नाही. विशेष बिंदूंपाशी स्पर्शिकेऐवजी स्पर्श-अवकाश अशी मोठी कल्पना घेऊन तिने दुहेरी मुळाच्या अर्थाला त्याच्या टोकापर्यंत नेले. म्हणजे अर्थ फुटले ते कोणाच्या चुकीमुळे नाही. प्रत्येक अर्थातून भूमितीची एक वेगळी शाखा वाढली.

आणि मग तो वक्र, ज्याला कुठेच स्पर्शिका नाही. वायरश्ट्रासने १८७२ मध्ये बर्लिनच्या अकादमीपुढे असे फलन मांडले की जे सर्वत्र संतत आहे पण एकाही बिंदूत त्याला अवकलज नाही. १९०४ मध्ये हेल्गे फॉन कॉख या स्वीडिश गणितज्ञाने प्रत्येक रेषाखंडावर लहान त्रिकोण उभारत जाऊन असाच वक्र भूमितीने रचला. आपल्या लेखाच्या शीर्षकातच त्याने ‘स्पर्शिका नसलेला संतत वक्र’ असे म्हटले. हा टप्पा आपण नीट समजून घ्यावा. ‘एकाच बिंदूत भेटणारी रेषा’ एवढाच स्पर्शिकेचा अर्थ राहिला असता, तर ‘स्पर्शिका नाही’ हे वाक्य इथे निरर्थक झाले असते. एखादी गोष्ट नाही असे ठामपणे सांगण्यासाठी ती असणे म्हणजे काय हे आधी पक्के ठरावे लागते. संज्ञेचा अर्थ घट्ट झाल्यानंतरच हा वक्र सापडू शकला.

आता शब्दाविषयी. लॅटिन ‘टँजेन्स’ म्हणजे स्पर्श करणारी. त्रिकोणमितीत हा शब्द थॉमस फिंके याने १५८३ मध्ये आणला, आणि आपण ज्याला टॅन म्हणतो तो खरे तर एक त्रिज्येच्या वर्तुळाच्या स्पर्शिकेचा तुकडा आहे, हे शिकवताना बहुधा सांगितले जात नाही. मराठीने ‘स्पर्श’ घेतला आणि रेषेच्या स्त्रीलिंगाला धरून ‘स्पर्शिका’ केली. शेजारी ‘छेदिका’ तशीच बसली. शब्द नितळ आहे, पण तो एका गोष्टीवर भर देतो : स्पर्श, म्हणजे हलके टेकणे आणि आत न शिरणे. युक्लिडची व्याख्या त्या शब्दातच शिरून बसली आहे. त्यामुळे आरपार जाणारी रेषाही स्पर्शिका असू शकते हे मराठी विद्यार्थ्याला पटवणे अवघड जाते, जसे ते इंग्रजी किंवा फ्रेंच विद्यार्थ्यालाही जाते. काहींचे मत असे की मग ‘टँजंट’ हाच शब्द सर्वत्र ठेवावा, तो अर्थापासून मोकळा आहे. हे मत मान्य करता येत नाही. ‘टँजंट’चाही मूळ अर्थ स्पर्शच आहे, तो फक्त आपल्याला ऐकू येत नाही, आणि न ऐकू येणाऱ्या अर्थाशी वाद घालता येत नाही. ‘स्पर्शिका’ म्हटल्यावर ‘पण ही तर कापते आहे!’ असा प्रश्न विद्यार्थ्याच्या तोंडून निघतो, आणि त्या प्रश्नातून शिकवायला सुरुवात करता येते. कधी कधी तर मराठी शब्द मूळ शब्दापेक्षा पुढे गेलेला असतो. अपास्ताच्या ज्या दोन रेषांना ग्रीकांनी ‘न मिळणाऱ्या’ अशा अर्थाचे नाव दिले, त्यांना आपण ‘अनंतस्पर्शी’ म्हणतो. प्रक्षेपीय भूमितीत अनंतातले बिंदू इतर बिंदूंच्या पंक्तीत घेतले की त्या रेषा खरोखरच अपास्ताच्या अनंतातल्या बिंदूंवरच्या स्पर्शिका ठरतात. ग्रीक शब्दाला न दिसलेली गोष्ट मराठी शब्दात उघड आहे.

शिक्षकांकडून येणारा आक्षेप सर्वांत गंभीर आहे. दहावीच्या मुलांसमोर वर्तुळच असते. त्यांना घनवक्र आणि टोकदार वक्र दाखवून गोंधळात का टाकावे? सोप्याकडून कठीणाकडे जावे हे खरे आहे. पण सोपे सांगणे आणि पुढे पुसून टाकावे लागेल असे सांगणे यांत अंतर आहे. ‘एकच बिंदू’ ही व्याख्या पाठ झालेला विद्यार्थी अकरावीत गेल्यावर तिच्यातून बाहेर पडायला वेळ घेतो, कारण त्याला कोणी सांगितलेलेच नसते की ती वर्तुळापुरती होती. त्याऐवजी वर्तुळावरच दुसरी गोष्ट दाखवता येते. त्रिज्येच्या टोकाशी काटकोनात पट्टी ठेवा, ती किंचित कलती करा, आणि ती वर्तुळात शिरते हे पाहा. युक्लिडचे प्रमेय एका पट्टीने दाखवता येते, त्याला सीमेची गरज नाही, आणि ते पुढे कधीही पुसावे लागत नाही. वर्तुळाच्या प्रकरणाला एवढे एक वाक्य जोडले की पुरे : वर्तुळासाठी स्पर्शिका एकाच बिंदूत भेटते, इतर वक्रांसाठी तसे असेलच असे नाही.

हे सगळे आज कशाला, असे विचारणाऱ्याने हातातले हेच पान पाहावे. संगणकावर घडवलेल्या देवनागरी अक्षरांच्या बाह्यरेषा छोट्या वक्रांच्या तुकड्यांनी बनलेल्या असतात. सिट्रोएन कंपनीत पॉल द कास्तेल्जो आणि रेनॉ कंपनीत पिएर बेझिए यांनी १९६० च्या आसपास मोटारींच्या पत्र्यांसाठी जे वक्र वापरात आणले, तेच आज अक्षरांच्या कामी येतात. प्रत्येक तुकड्याचे दोन टोकबिंदू आणि दोन नियंत्रक बिंदू. टोकबिंदूपासून जवळच्या नियंत्रकाकडे जाणारी रेषा हीच तिथली स्पर्शिका. ‘क’चे पोट आणि त्याचा दांडा जिथे जुळतात तिथे दोन तुकड्यांच्या स्पर्शिका जुळल्या नाहीत तर अक्षरात खोच दिसते. रस्ते आणि लोहमार्ग आखतानाही सरळ भाग वळणाला स्पर्शिकेनेच जोडतात. मात्र तिथे स्पर्शिका जुळणे पुरेसे नसते. वळणाचा बाकही एकदम बदलता कामा नये, नाहीतर गाडीला धक्का बसतो. म्हणून मध्ये संक्रमणवक्र घालावा लागतो, आणि स्पर्शिकेपासून निघालेला प्रश्न वक्रतेपर्यंत पोचतो. संगणकाला उदाहरणांवरून शिकवण्याच्या आजच्या पद्धतींत लाखो चलांच्या पृष्ठभागावर सर्वांत तीव्र उताराची दिशा शोधतात. तीही स्पर्शिकेच्याच कल्पनेची वाढ आहे. या सर्व ठिकाणी ‘एकाच बिंदूत भेटणे’ या अर्थाचा काडीचाही उपयोग नाही. उपयोग होतो तो लगतच्या निकटतेचा.

पुस्तक या क्रमाने इतिहास सांगत नाही, हे वाचकाने आधीच जाणून घ्यावे. ते प्रश्नांच्या क्रमाने चालते : स्पर्शिका कधी असते, कधी नसते, कधी एकाहून अधिक असतात, आणि वक्रावरून पृष्ठभागावर गेल्यावर तिचे काय होते. जिथे इतिहास अर्थ उलगडतो तिथे तो आला आहे, इतरत्र सोडून दिला आहे. त्यामुळे काही मोठी नावे यात भेटणार नाहीत आणि एखाद्या विसरलेल्या प्रमेयावर बरीच पाने खर्ची पडलेली दिसतील. संज्ञा शक्यतो मराठी परिभाषेतल्याच ठेवल्या आहेत. कलनशास्त्र न शिकलेल्या वाचकालाही बहुतेक भाग समजावा अशी रचना आहे. बीजगणितीय वक्रांच्या भागात मात्र थोडे थांबून, हाताने समीकरणे सोडवून पुढे जावे लागेल. तो भाग सोपा करता आला असता, पण मग त्यातला अर्थ निसटला असता, म्हणून तो तसाच ठेवला आहे.

वाचायला बसताना आलेखाचा कागद आणि पट्टी जवळ ठेवावी, ही विनंती. पहिल्या पानाकडे वळण्याआधी य = क्ष³ हा वक्र क्ष = −२ पासून २ पर्यंत काढा, (१, १) मधून ३ चढाची रेषा ओढा आणि ती डावीकडे वाढवत न्या. ती वक्राला (−२, −८) येथे कापते.